भाड्याच्या खेळातील फेरफार

आमच्या शाळेमागच्या गल्लीत यंत्रमागांचे कारखाने आहेत. खिडक्या उघड्या ठेवल्या की त्यांचा खडखडाट थेट फळ्यापर्यंत येतो, आणि बमरोलीस नव्याने आलेल्या शिक्षकाला पहिले काही दिवस आपलाच आवाज ऐकू येत नाही. ह्या मागांपैकी काहींवर जॅकार्डची चौकट बसविलेली असते. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी फ्रान्समधील जोसेफ मारी जॅकार्ड ह्या कारागिराने ही युक्ती प्रचारात आणली. जाड पुठ्ठ्याच्या पट्ट्यांना भोके पाडून त्यांची माळ मागावर चढवावयाची. जेथे भोक असेल तेथे ताण्याचा दोरा वर उचलला जातो, जेथे नसेल तेथे तो खालीच राहतो, आणि अशा रीतीने कापडावर नक्षी उमटते. माग तोच, दोरा तोच. पट्ट्यांची माळ बदलली की कोयरीच्या जागी मोर येतो. आता पुष्कळ ठिकाणी पुठ्ठ्याच्या पट्ट्या जाऊन नक्षी संगणकावरून दिली जाते. तथापि तत्त्व बदललेले नाही.

हे इतक्या विस्ताराने सांगण्याचे कारण असे की, गेल्या वर्षी नववीच्या वर्गातील दोन विद्यार्थी माझ्याकडे एक प्रश्न घेऊन आले, आणि त्यांचे म्हणणे समजावून घेताना मला ह्या मागाचाच आधार घ्यावा लागला. प्रश्न असा होता : “बाई, पार्सनिपला मराठीत काय म्हणतात?”

मी कला शाखेची पदवीधर. पार्सनिप ही गाजराच्या कुळातील, पांढऱ्या मुळाची एक विलायती भाजी आहे, एवढे मला इंग्रजी कादंबऱ्यांच्या कृपेने ठाऊक होते. परंतु ती ह्या मुलांना कशाला हवी? चौकशीअंती कळले ते असे. त्यांपैकी एकाचा थोरला भाऊ साड्यांची नक्षी संगणकावर काढण्याचे काम करतो. रात्री काम आटोपल्यावर त्या संगणकावर ही दोघे एक खेळ खेळतात. तो खेळ विकत घेतलेला नाही. दरमहा वर्गणी भरून अनेक खेळ खेळू देणाऱ्या एका सेवेतून तो उतरवून घेतलेला आहे. खेळाचे नाव ‘स्टारड्यू व्हॅली’. आजोबांनी ठेवलेल्या पडीक शेतावर एक तरुण शहर सोडून येतो आणि नांगरणी, पेरणी, पाणी देणे हे सारे करू लागतो, असे त्याचे कथानक आहे. एरिक बरोन नावाच्या अमेरिकन तरुणाने चित्रे, संगीत, संवाद, आज्ञावली हे सर्व चार वर्षांहून अधिक काळ एकट्याने खपून तयार केले आणि २०१६ च्या फेब्रुवारीत तो खेळ प्रसिद्ध केला. खेळाच्या प्रारंभी गावचा मुख्य नवख्या शेतकऱ्याला पार्सनिपचे पंधरा बी भेट देतो. आमचे विद्यार्थी तेथेच अडले होते. ह्या दोघांचे वडील खानदेशातली कोरडवाहू शेती सोडून सुरतेस मागावर आले. आणि मुले रात्री पडद्यावर शेती करीत होती, तीही इंग्रजीतून. ती मराठीत व्हावी, एवढीच त्यांची इच्छा होती.

खेळाच्या मूळ प्रतीत खेळणाऱ्याने स्वतःच्या आवडीप्रमाणे केलेल्या अशा बदलाला खेळाडूंच्या बोलीत ‘मॉड’ म्हणतात. आपण फेरफार म्हणू. वस्तुतः खेळात फेरफार करणे हा मुलांचा फार जुना उद्योग आहे. आपल्या विटीदांडूतील ‘वकट, लेंड, मूंड, नाल’ ही मोजणी तेलुगू-कानडी आकड्यांची आहे हे अनेकांना ठाऊक असते. ती कोणी कधी मराठी मुलांच्या तोंडी घातली ह्याची नोंद नाही, पण कोणी तरी घातली, आणि ती चालली. शेजारच्या गावचे नियम निराळे आहेत हे कळल्यावर भांडणे होतात, खेळ मात्र मरत नाही.

संगणकावरील खेळाला हा स्वभाव सहजासहजी लाभला नसता. त्यासाठी खेळाचे पोट मागासारखे दोन भागांत विभागलेले असावे लागते. एक भाग चालकयंत्राचा : पडद्यावर चित्र कसे उमटवावे, कळ दाबल्यावर माणूस कसा चालवावा, हे तो जाणतो. दुसरा भाग सामग्रीचा : कोणते चित्र, कोणता शब्द, कोणत्या बियाण्याला किती दिवसांनी फळ. पहिला भाग म्हणजे माग, दुसरा म्हणजे भोके पाडलेल्या पट्ट्या. १९९३ साली अमेरिकेतील ‘इड सॉफ्टवेअर’ ह्या मंडळीने ‘डूम’ हा खेळ काढला, तेव्हा ही सामग्री त्यांनी जाणूनबुजून वेगळ्या फाईलीत ठेवली, आणि जगभरच्या तरुणांनी आपापल्या पट्ट्या पाडावयास सुरुवात केली. पुढे ‘हाफ-लाइफ’ ह्या १९९८ च्या खेळात मिन्ह ली आणि जेस क्लिफ ह्या दोन तरुणांनी फेरफार करून १९९९ मध्ये ‘काउंटर-स्ट्राइक’ निर्माण केला. मूळ खेळाच्या कंपनीने तो विकत घेऊन स्वतःच्या नावाने विक्रीस काढला. आणि आमच्या विद्यार्थ्यांपैकी अनेकांनी ज्याच्यापायी परीक्षेचे गुण घालविले, व ज्याच्या मोबाईलवरील अवतारावर सरकारने सप्टेंबर २०२० मध्ये बंदी घातली, त्या ‘पबजी’चे मूळही फेरफारातच आहे. ब्रेंडन ग्रीन ह्यांनी ‘आर्मा’ ह्या लष्करी खेळावर जे प्रयोग केले त्यांतून तो जन्मास आला. अर्थात् ह्या माहितीमुळे पालकांचा त्या खेळावरील राग कमी होईल अशी माझी अपेक्षा नाही.

आता वर्गणीची गोष्ट. दुकानातून खेळाची प्रत विकत घेतली म्हणजे ती निदान व्यवहारात आपली असते. वर्गणीचा खेळ हा भाड्याच्या खोलीसारखा आहे. बमरोलीत खोली भाड्याने घेणे म्हणजे काय हे मी वेगळे सांगावयास नको. भिंतीवर देवाची तसबीर लावता येते, दाराला तोरण बांधता येते. भिंत पाडून दोन खोल्यांची एक करता येत नाही, आणि भाडे थकले की तसबिरीसह बाहेर पडावे लागते. मायक्रोसॉफ्ट कंपनीने ‘गेम पास’ ही वर्गणीची सेवा जून २०१९ मध्ये संगणकासाठी सुरू केली, तेव्हा घरमालकाचा कडकपणा फारच होता. खेळ आपल्या संगणकावर उतरत असे खरा, परंतु तो ज्या फोल्डरमध्ये ठेवला जाई त्याला कुलूप असे. संगणकाच्या धन्यालादेखील आत डोकावता येत नसे. तसबिरीसाठी खिळा ठोकणेही अशक्य होते. खेळाडूंनी पुष्कळ कुरकुर केली, आणि २०२१ च्या अखेरीस कंपनीने धोरण बदलले. खेळ कोठे उतरवावयाचा हे निवडता येऊ लागले, आणि पुष्कळ खेळांच्या फाईली साध्या फोल्डरमध्ये दिसू लागल्या. चालकयंत्राची मुख्य फाईल मात्र बहुधा कुलूपबंदच राहते, व वर्गणी चालू आहे की नाही ह्याची विचारणा खेळ सुरू होताना होते. त्याच वर्षीच्या डिसेंबरात ‘स्टारड्यू व्हॅली’ ह्या सेवेच्या यादीत दाखल झाला.

मालक म्हणजे नेहमी कोणी तरी परदेशी धनाढ्यच, असे मात्र समजू नये. पुण्यातील ‘नॉडिंग हेड्स गेम्स’ ह्या लहानशा मंडळीने ‘राजी’ नावाचा खेळ २०२० मध्ये प्रसिद्ध केला. हरवलेल्या भावाच्या शोधात निघालेल्या एका मुलीची ती कथा. राजस्थानी महाल, दुर्गा व विष्णू ह्यांचे साहाय्य, आणि छायाबाहुल्यांनी सांगितलेल्या पुराणकथा असा सारा थाट आपल्या मातीतला आहे. तोही पुढे वर्गणीच्या यादीत गेला. अशा खेळात आपण हात घालतो तेव्हा पुण्यातल्या कोणाच्या तरी कित्येक रात्रींच्या श्रमांत हात घालतो, एवढे भान असले म्हणजे पुरे.

मुलांनी मला जी कृती दाखविली ती थोडक्यात सांगते. ‘स्टारड्यू’च्या खेळाडूंनी ‘स्मॅपी’ नावाचा एक मध्यस्थ कार्यक्रम तयार केला असून तो विनामूल्य मिळतो. खेळ आणि फेरफार ह्यांच्यामध्ये तो उभा राहतो. त्याच्या जोडीला असलेला ‘कंटेंट पॅचर’ मूळ फाईलींना मुळीच स्पर्श करीत नाही. खेळ सुरू होताना जी सामग्री संगणकाच्या स्मृतीत भरली जाते, तेवढ्यातच तो आपला शब्द घालतो. नकाशावर पारदर्शक कागद ठेवून त्यावर रेघा ओढाव्यात, तसा हा प्रकार आहे. कागद उचलला की नकाशा कोराच्या कोरा. विकत घेतलेल्या प्रतीवर हा मध्यस्थ बसविणे सोपे आहे. वर्गणीच्या प्रतीवर मात्र एक नाटक करावे लागते. सेवेचे ॲप ठरावीक नावाची फाईलच चालवीत असल्यामुळे मूळ चालक फाईलीचे नाव बदलून बाजूस ठेवावयाचे आणि तिच्या नावाने मध्यस्थाला उभे करावयाचे. खेळाची नवी आवृत्ती उतरली की हे सोंग उघडे पडू शकते, आणि सारे पुन्हा मांडावे लागते. पहिल्यांदा असे झाले तेव्हा मुलांना वाटले, आपले शब्द गेले. ते गेले नव्हते. फक्त दारातला माणूस बदलला होता.

प्रत्येक खेळात असे नाटक वठत नाही, हेही सांगितले पाहिजे. ‘स्कायरिम’ ह्या २०११ च्या प्रसिद्ध खेळाचे कित्येक मोठे फेरफार एका पूरक कार्यक्रमावर अवलंबून असतात. तो स्टीमच्या दुकानातून घेतलेल्या प्रतीवर चालतो. मायक्रोसॉफ्टच्या दुकानातून आलेल्या प्रतीवर चालत नाही. खेळाचे नाव एकच, चित्रे तीच. परंतु कुलपाची घडण निराळी. म्हणून फेरफार उतरवून घेण्यापूर्वी तो कोणत्या प्रतीसाठी आहे हे वाचावे. आमची मुले सूचना वाचीत नाहीत. प्रश्नपत्रिकेवरील वाचीत नाहीत, तर ह्या कोठून वाचणार!

आता माझा ज्या भागाशी अधिक संबंध आला त्याकडे वळते. शब्द शोधणे हा मला आरंभी पोरखेळ वाटला होता. पार्सनिपला ‘मुळा’ म्हणावे, असे एकाने सुचविले. पण मुळा खेळात आधीच होता. ‘गाजर’ म्हणावे, तर २०२४ च्या मार्चमध्ये निघालेल्या आवृत्तीत गाजरही आले होते. शेवटी ‘पांढरे गाजर’ ठरले. खरा वाद झाला तो भातावर. ह्या खेळात कांडण्यापूर्वीचे धान्य आणि कांडलेले तांदूळ अशा दोन वेगळ्या वस्तू आहेत, आणि पहिलीसाठी इंग्रजीत ‘न दळलेला तांदूळ’ अशा अर्थाचे दोन शब्द खर्ची घातले आहेत. माझी घरची भाषा कोंकणी. आम्ही शेतात असते त्याला भात म्हणतो, आणि ताटात वाढतो त्याला शीत. मी मोठ्या ऐटीत ‘भात’ असे सांगितले. मुले हसू लागली. “बाई, भात पेरतात का?” त्यांच्या दृष्टीने भात हा चुलीवरचाच. पुष्कळ चर्चेनंतर ‘साळ’ ह्या शब्दावर समेट झाला. इंग्रजीला दोन शब्द लागले तेथे आपल्याकडे एकेका प्रांताचा वेगळा शब्द तयार होता, हे मी त्या दोघांना दाखवू शकले, आणि त्यानंतर व्याकरणाच्या तासाला ती दोघे पुढच्या बाकावर बसू लागली.

परंतु शब्द मिळाले म्हणून अक्षरे उमटतात असे नाही. २०२१ च्या अखेरच्या एका आवृत्तीपासून ह्या खेळात नवी भाषा जोडण्याची सोय खुद्द कर्त्यानेच करून ठेवली आहे. अडचण वेगळीच होती. ह्या खेळात अक्षरे म्हणजे लहान लहान चित्रे असून ती डावीकडून उजवीकडे एकापुढे एक मांडली जातात. रोमन लिपीला एवढे पुरते. देवनागरीला पुरत नाही. ऱ्हस्व वेलांटी आपण व्यंजनानंतर उच्चारतो, पण लिहितो त्याच्या आधी; खेळाला ही खुबी ठाऊक नसल्यामुळे तो तिला व्यंजनाच्या मागून आणून उभी करतो. जोडाक्षरे तर जुळतच नाहीत. पाय मोडलेली व्यंजने रांगेने उभी राहतात. मात्रा, अनुस्वार व उकार मात्र, चित्राची जागा थोडी मागे सरकवून, कसेबसे वर-खाली बसविता येतात.

हे ऐकताच मला जुन्या छापखान्यांची आठवण झाली. शिशाच्या खिळ्यांनी मराठी जुळविणाऱ्याला हीच विवंचना असे. इंग्रजीचे काम थोडक्या खिळ्यांत भागे. देवनागरीला शेकडो खिळे लागत, आणि जुळाऱ्याचा हात सबंध भिंतभर फिरे. खिळ्यांची ही संख्या कमी करण्याच्या खटपटीत लोकमान्य टिळकांनीही लक्ष घातले होते. ज्या प्रश्नापाशी केसरीकार बसले होते, त्याच प्रश्नापाशी बमरोलीची दोन पोरे एका साडीच्या नक्षीकाराच्या संगणकापुढे येऊन बसली होती, आणि त्यांना त्याचा पत्ताही नव्हता.

त्यांनी काढलेला मार्ग मला मनापासून आवडला. शक्य तेथे ऱ्हस्व वेलांटी आणि जोडाक्षर नसलेले शब्दच निवडावयाचे! मका, गहू, लसूण, वांगे, बटाटा, भोपळा, कोबी, साळ हे सर्व निर्वेध पार पडले. मिरची अडली, तिच्या जागी ‘लवंगी’ आली, आणि खरे सांगावयाचे तर ती अधिक झणझणीत वाटते. ‘द्राक्ष’ काही केल्या जमेना. त्यांनी ‘अंगूर’ लिहिले. मराठीच्या शिक्षिकेने हे मान्य करावे काय? मी केले, पण द्राक्षासारखा शब्द असताना अंगुरावर भागवावे लागले ही रुखरुख राहिली. जेथे गत्यंतर नव्हते तेथे थोरल्या भावाने ‘मि’, ‘लि’, ‘ष्ट’ अशी अख्खी अक्षरे एकेक चित्र म्हणून काढून दिली. वेलबुट्टी काढणारा हात. अक्षरे सुबक होती.

हे करावयास आपल्याला अधिकार आहे का, असा प्रश्न मुलांनी विचारला नाही. तो मी विचारला. आपला स्वामित्वहक्काचा कायदा १९५७ चा. १९८४ च्या दुरुस्तीने त्यात संगणकाच्या आज्ञावलीची गणना वाङ्मयात करण्यात आली. म्हणजे खेळ हा कायद्याने ग्रंथाचा सोयरा ठरला, आणि ग्रंथाच्या भाषांतराचा हक्क ग्रंथकाराकडे असतो. येथे कर्त्याने स्वतः भाषेसाठी दार उघडे ठेवले होते, म्हणून प्रश्न सुटला. कित्येक कर्ते फेरफारांना संमती देतात, पण मर्यादेने. ‘माइनक्राफ्ट’च्या मालकांचा नियम असा की, आपण केलेला फेरफार दुसऱ्यास द्यावा, फेरफार करून मूळ खेळच वाटू नये. कुलूप फोडून वर्गणीवाचून खेळ चालविणे हा मात्र फेरफार नव्हे, ती चोरी होय. तसेच, अनेकांशी एकाच वेळी स्पर्धा चालू असता आपल्यालाच बळ देणारा फेरफार वापरणे ही लबाडी आहे, आणि तिच्यापायी खाते कायमचे बंद होते.

अनोळखी फेरफार उतरविताना सावधगिरी हवी. जून २०२३ मध्ये ‘कर्सफोर्ज’ ह्या नामांकित ठिकाणी ठेवलेल्या काही ‘माइनक्राफ्ट’ फेरफारांत चोरटी आज्ञावली दडविल्याचे उघडकीस आले. ती संगणकात शिरून परवलीचे शब्द पळवीत होती. ज्या संगणकावर घरची मिळकत चालते त्यावर असला पाहुणा आला तर काय होईल, हे आमच्या नक्षीकाराने मुलांना चांगलेच ऐकविले.

आणि तरीही जे नुकसान व्हावयाचे ते अगदी साध्या रीतीने झाले. सणाचे काम वाढले, संगणकात जागा अपुरी पडू लागली. भावाने त्या महिन्याची वर्गणी भरली नाही, आणि खेळ तसाही चालत नाही असे पाहून तो काढून टाकला. फेरफारांचे फोल्डर खेळाच्याच फोल्डरात होते. शब्दांची फाईल गेली, आणि अक्षरांची सारी चित्रेही गेली. ह्यात कोणाचा दोष म्हणावा? त्या साऱ्या व्यवहारात खेळ मालकाचा होता, यादी सेवेची होती, संगणक भावाचा होता. शब्द आणि अक्षरे एवढीच वस्तू मुलांची स्वतःची होती, आणि नेमकी तीच त्यांनी भाड्याच्या खोलीत ठेवली होती. तिची एक नकल बाहेर असती, तर पुढे केव्हा तरी वर्गणी पुन्हा भरून, किंवा खेळाची प्रत विकत घेऊन, तीच फाईल थोड्याफार दुरुस्तीने लावता आली असती. पिकविलेल्या शेताची साठवणही अशीच अधूनमधून अन्यत्र उतरवून घ्यावी, हे ओघाने आलेच.

आठवडाभर ती दोघे माझ्याशी धड बोलली नाहीत. मग त्यांपैकी एकजण भूगोलाची वही घेऊन आला. तिच्या मागच्या पानांवर पेन्सिलीने शब्द उतरविलेले होते. कित्येकांवर काट मारलेली, काहींच्या कडेला माझे मत लिहिलेले. साळीपुढे ‘बाई = भात (चूक)’ अशी नोंद आहे. शब्द बहुतेक सापडले. अक्षरांची चित्रे मात्र पुन्हा काढावी लागत आहेत. भावाला वेळ मिळतो तो रविवारी, तोही वीज असेल तर. दर रविवारी जे तयार होते त्याची नकल पेन ड्राइव्हवर घालून ती सोमवारी माझ्याकडे देतात, आणि मी ती कपाटात खडूच्या खोक्याशेजारी ठेवते. मागच्या सोमवारपर्यंत वेलांटीची सर्व अक्षरे झाली होती. ‘द्रा’ झाला आहे. ‘क्ष’ भावाच्या मनासारखा उतरेना, म्हणून अंगूर अद्याप कायम आहे.